५९५ दिवस, त्यांतले १५ लढाईचे: अमेरिकी यादवीतल्या साध्या शिपायाचा हिशेब

अमेरिकी यादवी युद्धात उत्तरेची सर्वांत नावाजलेली फौज म्हणजे ‘आर्मी ऑफ द पोटोमॅक’. तिचे सलग ५९५ दिवस मोजून पाहू. सुरुवात १८ सप्टेंबर १८६२, म्हणजे अँटिएटमच्या लढाईनंतरचा दिवस. शेवट ४ मे १८६४, म्हणजे वाइल्डरनेसच्या लढाईची पूर्वसंध्या. एवढ्या काळात या फौजेने तीन मोठ्या लढाया दिल्या. फ्रेडरिक्सबर्ग पाच दिवस, चॅन्सलर्सव्हिल सात दिवस, गेटिसबर्ग तीन दिवस. बेरीज १५. लहानसहान चकमकी सोडल्या, तर लढाईचा वाटा अडीच टक्के भरतो. गेटिसबर्गनंतर पुढची मोठी लढाई व्हायला दहा महिने गेले.

उरलेल्या ५८० दिवसांत शिपाई काय करत होता, हा या लेखाचा विषय. कारण तो जगला की मेला, हे बहुतेक वेळा त्या ५८० दिवसांत ठरलं.

थोडक्यात आकडे:

• युद्धाचा काळ: एप्रिल १८६१ ते एप्रिल १८६५
• उत्तरेकडून लढलेले: सुमारे २१ लाख, दक्षिणेकडून: अंदाजे साडेसात ते दहा लाख
• मृत्यू: जुना मान्य आकडा ६ लाख २० हजार, जे. डेव्हिड हॅकर यांचा २०११ चा अंदाज साडेसात लाख
• उत्तरेच्या नोंदींतले मृत्यू: ३,६०,२२२. त्यांत लढाईतले सुमारे १ लाख १० हजार, आजारांचे सुमारे २ लाख २४ हजार

एक गोष्ट आधीच सांगायला हवी. खाली येणारे बरेचसे आकडे उत्तरेचे आहेत. एप्रिल १८६५ मध्ये दक्षिणेची राजधानी रिचमंड जळाली, तेव्हा तिच्या वैद्यकीय खात्याची कागदपत्रंही आगीत गेली. उत्तरेने मात्र युद्धानंतर प्रत्येक ताप, प्रत्येक जखम मोजून सहा जाडजूड खंड छापले. दक्षिणेचा शिपाई याच वाटेने गेला, फक्त त्याचा हिशेब अर्धवट राहिला.

शेतावरून आलेला पंचविशीतला माणूस

बेंजामिन गूल्ड यांनी १८६९ मध्ये उत्तरेच्या लाखो शिपायांची मोजमापं प्रसिद्ध केली. भरतीच्या वेळी सरासरी वय २६ च्या आत होतं. उंची पाच फूट आठ इंचांच्या आसपास, वजन सुमारे ६५ किलो. जवळपास निम्मे शिपाई शेतकरी होते. दक्षिणेत हे प्रमाण साठ टक्क्यांच्या वर होतं. उत्तरेचा दर चौथा शिपाई परदेशात जन्मलेला. जर्मनीतून आलेले दोन लाखांच्या घरात, तर आयरिश दीड लाखाच्या आसपास.

१८६३ पासून उत्तरेच्या फौजेत काळ्या शिपायांची मोठी भरती झाली. युद्ध संपेपर्यंत त्यांची संख्या १ लाख ७९ हजारांवर गेली. उत्तरेच्या दर दहा शिपायांमागे एक काळा होता आणि त्यांतले बरेच जण काही महिन्यांपूर्वीपर्यंत गुलाम होते.

मार्च १८६३ मध्ये उत्तरेने सक्तीच्या भरतीचा कायदा केला. चिठ्ठीत नाव निघालं तरी सुटायला दोन वाटा होत्या: आपल्या जागी बदली माणूस द्यायचा, नाहीतर सरकारात ३०० डॉलर भरायचे. शिपायाचा पगार तेव्हा महिना १३ डॉलर होता, म्हणजे ही रक्कम त्याच्या तेवीस महिन्यांच्या कमाईइतकी. सेवेला बांधील ठरलेल्या २ लाख ७ हजार जणांपैकी ८७ हजारांनी पैसे भरले, ७४ हजारांनी बदली माणूस दिला आणि स्वतः फौजेत गेले अवघे ४६ हजार. दक्षिणेने तर वर्षभर आधीच, एप्रिल १८६२ मध्ये, सक्ती लागू केली होती. त्याच वर्षी ऑक्टोबरात वीस किंवा जास्त गुलाम असलेल्या मळ्यामागे एका गोऱ्या माणसाला सूट मिळाली. ही श्रीमंतांची लढाई आणि गरिबांचं मरण आहे, अशी कुरकुर दोन्ही फौजांत होती. आकडे पाहिले तर ती निराधार वाटत नाही.

बिगुल ते बिगुल

छावणीतला दिवस बिगुलावर चाले. उन्हाळ्यात पहाटे पाच, हिवाळ्यात सहाच्या सुमारास उठायचं. हजेरी, न्याहारी, मग आजाऱ्यांची रांग. त्यानंतर कवायत, दुपारचं जेवण, पुन्हा कवायत, संध्याकाळची तपासणी, रात्री नऊच्या आगेमागे शेवटची हजेरी आणि दिवे मालवणं. दिवे मालवण्यासाठी आज अमेरिकी फौज जी धून वाजवते, ती जुलै १८६२ मध्ये व्हर्जिनियातल्या हॅरिसन्स लँडिंगच्या छावणीत जनरल डॅनियल बटरफील्ड यांनी बसवली.

एवढी कवायत कशासाठी? खांद्यावरची बंदूक पुढून भरायची होती. काडतूस दातांनी फाडायचं, दारू नळीत ओतायची, गोळी सरकवायची, गजाने ठासायची, बार पेटवणारी टोपी बसवायची, मग नेम. सराव असलेला शिपाई मिनिटाला तीन बार काढी. तेही शेजारचा माणूस कोसळत असताना, रांग न मोडता. गेटिसबर्गच्या मैदानातून नंतर २७ हजारांहून अधिक बंदुका गोळा केल्या गेल्या. त्यांतल्या सुमारे २४ हजार भरलेल्याच होत्या आणि अनेकींत एकावर एक दोन, तीन किंवा त्याहून जास्त बार ठासलेले होते. गोंधळात बार उडालाच नाही, हेही त्या शिपायाला कळलं नव्हतं.

कूच निघालं की रोज पंधरा ते पंचवीस किलोमीटर चाल. अंगावर साधारण अठरा ते बावीस किलोंचं ओझं: चार किलोंची बंदूक, चाळीस काडतुसं, पाण्याची बाटली, शिध्याची पिशवी, घोंगडी आणि तंबूचा अर्धा तुकडा. दोन शिपायांनी आपापले तुकडे जोडले की एक तंबू उभा राही. उन्हाळी कूचाच्या पहिल्या काही कोसांत रस्त्याच्या कडेला डगल्यांचे आणि पाठपिशव्यांचे ढीग लागत. गेटिसबर्गला पोहोचण्यासाठी उत्तरेच्या सहाव्या कोअरने रात्रभर चालून सुमारे ५५ किलोमीटर अंतर कापलं.

उरलेला वेळ पत्ते, जुगार, उवा मारणं आणि पत्रं लिहिणं यांत जाई. उत्तरेच्या गोऱ्या शिपायांपैकी नव्वद टक्क्यांहून अधिक आणि दक्षिणेच्या ऐंशी टक्क्यांहून अधिक साक्षर होते. तोवरच्या जगात इतकी लिहिती-वाचती फौज क्वचितच उभी राहिली असेल. खिशात तिकिटाचे तीन सेंट नसतील तर उत्तरेचा शिपाई पाकिटावर ‘शिपायाचं पत्र’ असा शेरा मारून ते धाडू शकत असे. पैसे घरचे भरत.

४५ ग्रॅम कॉफी, ४५४ ग्रॅम बिस्किट

उत्तरेच्या शिपायाचा रोजचा शिधा कागदावर भरपूर होता. ३४० ग्रॅम खारवलेलं डुकराचं मांस किंवा ५६७ ग्रॅम गोमांस. ६२४ ग्रॅम पाव किंवा पीठ. ते शक्य नसेल तर ४५४ ग्रॅम कडक बिस्किटं. शिवाय दर शंभर जणांमागे रोज घेवड्याचे दाणे किंवा वाटाणे, तांदूळ, साखर, शिरका, मीठ आणि साडेचार किलो कच्च्या कॉफीबिया.

कॉफीचा हिशेब माणशी रोज ४५ ग्रॅम, वर्षाला सोळा किलोंच्या वर होतो. शिपाई बिया बंदुकीच्या दस्त्याने कुटत आणि कूच थांबलं की आधी कॉफीचं आधण ठेवत. कडक बिस्किट पीठ आणि पाण्याचं, जवळपास आठ सेंटिमीटर चौकोनी. दिवसाला नऊ-दहा मिळत. ते दाताने तुटत नसे, म्हणून कॉफीत बुडवून खायचं. जुन्या खोक्यांतली बिस्किटं असली की अळ्या कॉफीवर तरंगत. त्या चमच्याने काढून टाकायच्या आणि पुढे खायचं.

या यादीत ताजी भाजी आणि फळं नव्हती, असली तरी अधूनमधून. सरकारने भाज्या वाळवून, दाबून त्यांच्या वड्या पाठवल्या, पण त्यांतला कस निघून गेलेला होता. उत्तरेच्या फौजेत रक्तपितीच्या म्हणजे स्कर्व्हीच्या तीस हजारांहून अधिक नोंदी आहेत. पोट भरत होतं, शरीर झिजत होतं.

दक्षिणेच्या शिपायाला पोट भरण्याचीही खात्री नव्हती. मक्याचं पीठ आणि थोडंसं खारं मांस हा त्याचा आधार. एप्रिल १८६१ मध्ये अध्यक्ष लिंकन यांनी दक्षिणेच्या बंदरांची नाकेबंदी जाहीर केली. कॉफी आणि हिवतापावरचं क्विनीन दोन्ही दुर्मीळ झालं. मग भाजलेले शेंगदाणे, रताळी, भेंडीच्या बिया, ओकची फळं यांची कॉफी होऊ लागली. १८६२-६३ च्या हिवाळ्यात रॅपॅहॅनॉक नदीच्या दोन तीरांवर दोन्ही फौजा तळ ठोकून होत्या, तेव्हा पहाऱ्यावरचे शिपाई लहान होड्या करून सोडत. एका बाजूने कॉफी जाई, दुसऱ्या बाजूने तंबाखू येई. वरिष्ठांची मनाई होती, तरी हा व्यापार थांबला नाही.

याच नाकेबंदीचं दुसरं टोक मुंबईत होतं. दक्षिणेचा कापूस बंदरांत अडकला, लँकेशायरच्या गिरण्या हिंदुस्थानी कापसावर आल्या आणि मुंबईत पैशाचा पूर लोटला. बँका आणि भराव कंपन्या पावसाळ्यातल्या कुत्र्याच्या छत्र्यांसारख्या उगवल्या. एप्रिल १८६५ मध्ये दक्षिणेचा सेनापती जनरल ली शरण आला, कापसाचे भाव कोसळले आणि त्याच वर्षीच्या जुलैत मुंबईचा शेअर बाजार बुडाला. रिचमंडच्या खंदकातल्या उपाशी शिपायाला आणि मुंबईतल्या सट्टेबाजाला एकाच हुकमाने घडवलं होतं.

तेरा, अकरा आणि सात डॉलर

उत्तरेच्या गोऱ्या शिपायाला महिना १३ डॉलर, १८६४ च्या मध्यापासून १६. दक्षिणेत ११ डॉलर, पुढे १८. पगार दर दोन महिन्यांनी व्हायचा असा नियम. प्रत्यक्षात चार-सहा महिने थकत असे. घरी बायको आणि लहान मुलं असलेल्या माणसासाठी हा उशीर गोळीइतकाच जिव्हारी लागे.

दक्षिणेच्या पगाराचा आकडा वाढला, पण नोटेची किंमत आटली. युद्ध संपताना तिथली महागाई युद्धापूर्वीच्या नव्वद पटींच्या आसपास होती. त्या हिशेबाने १८ डॉलरमध्ये युद्धापूर्वी २० सेंटांत मिळणारा माल येई.

काळ्या शिपायाला १० डॉलर ठरले आणि त्यातून कपड्यांचे ३ डॉलर कापले जात. हाती सात. काम तेच, धोका जास्त, कारण पकडला गेला तर गुलामगिरी किंवा मरण. ५४ व्या मॅसॅच्युसेट्स पलटणीने हा पगार नाकारला. मॅसॅच्युसेट्स राज्याने फरक भरून द्यायची तयारी दाखवली, तोही नाकारला. सप्टेंबर १८६३ मध्ये त्या पलटणीतल्या जेम्स हेन्री गुडिंग या कॉर्पोरलने थेट लिंकन यांना पत्र लिहून विचारलं की आम्ही शिपाई आहोत की मजूर. पलटण सुमारे अठरा महिने बिनपगारी लढली. जून १८६४ मध्ये काँग्रेसने समान पगाराचा कायदा केला.

गुलामांच्या मुक्तीची दखल महाराष्ट्रातही घेतली गेली. सुमारे चाळीस लाख गुलामांना मुक्ती देणाऱ्या या युद्धानंतर आठ वर्षांनी, १८७३ मध्ये, जोतीराव फुले यांनी ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ गुलामांच्या सुटकेसाठी झटलेल्या अमेरिकी लोकांना अर्पण केला.

शंभरातले बासष्ट

आता मुख्य आकड्याकडे. उत्तरेच्या दर १०० मृत शिपायांमागे ३१ लढाईत किंवा लढाईतल्या जखमांनी गेले आणि ६२ आजाराने. उरलेले सात अपघात, बुडणं, आत्महत्या अशा कारणांनी. काळ्या पलटणींत तफावत याहून भयंकर होती: ३७ ते ४० हजार मृत्यूंपैकी तीस हजारांच्या आसपास आजाराचे. त्यांना खंदक खणणं, ओझी वाहणं अशी कामं जास्त, दलदलीतल्या जागा जास्त आणि डॉक्टर कमी मिळाले.

उत्तरेच्या फौजेत चार वर्षांत आजारपणाच्या साठ लाख नोंदी झाल्या. म्हणजे दर शिपाई सरासरी तीनदा आजारी पडला. त्यांत हगवण आणि रक्ती आव पहिल्या क्रमांकावर: सतरा लाखांहून अधिक नोंदी, ४४ हजारांहून अधिक मृत्यू. विषमज्वराने तीस हजारांच्या आसपास माणसं नेली. हिवतापाच्या नोंदी तेरा लाखांच्या पुढे. क्विनीन उपलब्ध असल्याने मृत्यू त्या मानाने कमी, दहा हजारांच्या आसपास.

पहिल्या वर्षी गोवराने विचित्र निवड केली. शहरातली मुलं लहानपणीच गोवर काढून बसलेली होती. दूरच्या शेतांवर वाढलेली धडधाकट पोरं पहिल्यांदाच हजार माणसांच्या गर्दीत आली आणि पलटणीच्या पलटणी आडव्या झाल्या. उत्तरेत गोवराच्या ७६ हजारांहून अधिक नोंदी आणि पाच हजारांहून अधिक मृत्यू आहेत.

कारण गूढ नव्हतं. हजारोंची छावणी महिनोन् महिने एकाच जागी. शौचाचे चर उथळ, अनेकदा ओढ्याच्या वरच्या अंगाला, आणि बरेच शिपाई तिथवरही जात नसत. खालच्या अंगाला त्याच ओढ्याचं पाणी भरलं जाई. रोगजंतूंचा सिद्धान्त अजून मान्य झालेला नव्हता. जंतुनाशक शस्त्रक्रियेवरचे जोसेफ लिस्टर यांचे लेख १८६७ चे, म्हणजे युद्ध संपल्यानंतरचे. डॉक्टर हगवणीवर अफू देत आणि पाऱ्याचं कॅलोमेल देत. उत्तरेचे सर्जन जनरल विल्यम हॅमंड यांनी १८६३ मध्ये कॅलोमेल औषधांच्या यादीतून काढलं, तेव्हा डॉक्टरच त्यांच्यावर उलटले.

तरीही व्यवस्था बदलली की आकडा बदलतो, हे याच युद्धाने दाखवलं. १८४६-४८ च्या मेक्सिको युद्धात अमेरिकी फौजेत लढाईतल्या एका मृत्यूमागे आजाराचे जवळपास सात होते. यादवीत हे प्रमाण दोनावर आलं. जून १८६१ मध्ये सरकारी मान्यता मिळालेल्या सॅनिटरी कमिशन या स्वयंसेवी संस्थेने छावण्या तपासल्या, चर कुठे खणायचे ते सांगितलं, भाज्या आणि कपडे पुरवले.

मैदानातले तास

अँटिएटमला एका दिवसात दोन्ही बाजूंचे मिळून सुमारे २३ हजार हताहत झाले. त्यांतले जागीच मेलेले साधारण ३,६५०. बाकी बहुतेक जखमी. नोंदलेल्या जखमांपैकी ९४ टक्के बंदुकीच्या गोळीच्या होत्या. मिनी नावाची ती मऊ शिशाची गोळी हाडाचा चुरा करी, म्हणून अनेकदा हात-पाय कापण्याखेरीज इलाज उरत नसे. उत्तरेत असे सुमारे ३० हजार अवयवछेद झाले आणि दर चार रुग्णांमागे एक दगावला. बहुतेक शस्त्रक्रिया क्लोरोफॉर्म किंवा ईथर देऊन झाल्या, त्यामुळे दातांत गोळी धरलेला शिपाई हे चित्र अपवादाचंच आहे.

इथेही व्यवस्थेचा फरक दिसतो. ऑगस्ट १८६२ मध्ये बुल रनच्या दुसऱ्या लढाईनंतर काही जखमी आठवडाभर मैदानात पडून होते. डॉ. जोनाथन लेटरमन यांनी जखमींच्या गाड्या वैद्यकीय खात्याच्या ताब्यात आणल्या, उचलणारी माणसं वेगळी नेमली. पुढच्याच महिन्यात, अँटिएटमला, उत्तरेचे जखमी साधारण चोवीस तासांत मैदानातून हलवले गेले.

कैद आणि पलायन

दोन्ही बाजूंनी मिळून चार लाखांहून अधिक माणसं तुरुंगछावण्यांत राहिली आणि ५६ हजार तिथेच मेली. दक्षिणेच्या ताब्यातले साडेपंधरा टक्के, उत्तरेच्या ताब्यातले बारा टक्के. जॉर्जियातल्या अँडरसनव्हिलची छावणी दहा हजार माणसांसाठी आखली होती. ऑगस्ट १८६४ मध्ये तिथे सुमारे ३३ हजार कैदी कोंबलेले होते. एकच ओढा, त्याच्यातच पाणी आणि घाण. १४ महिन्यांत ४५ हजारांपैकी जवळपास १३ हजार मेले. उत्तरेतल्या एल्मायराचा तुरुंगही मागे नव्हता: बारा हजारांपैकी जवळपास तीन हजार. उत्तरेकडे तर धान्याचा तुटवडाही नव्हता.

फौज सोडून पळून गेलेले उत्तरेत दोन लाख, दक्षिणेत एक लाखाच्या वर. शिक्षा मरणाची होती, तरी उत्तरेने फरारीपणासाठी प्रत्यक्ष १४७ जणांनाच गोळ्या घातल्या किंवा फाशी दिली. दक्षिणेत १८६४ नंतर घरून येणाऱ्या पत्रांत मुलं उपाशी असल्याचं लिहिलेलं असे, आणि माणसं शेताकडे निघून जात. ॲपोमॅटॉक्सला ली शरण आला, तेव्हा मुक्तिपत्रं घेणारे सुमारे २८ हजार उरले होते.

आकडा काय सांगतो

शिपायांच्या गळ्यात तेव्हा ओळखपट्टी नव्हती. मोठ्या हल्ल्याआधी काही जण कागदावर नाव-गाव लिहून ते डगल्याला टाचत. युद्धानंतर उत्तरेने सुमारे तीन लाख मृतदेह राष्ट्रीय दफनभूमींत हलवले. त्यांतल्या चाळीस टक्क्यांहून अधिक कबरींवर नाव घालता आलं नाही. जगलेल्यांच्या आणि त्यांच्या कुटुंबांच्या पेन्शनवर १८९३ मध्ये अमेरिकी केंद्र सरकारच्या उत्पन्नातला चाळीस टक्क्यांहून अधिक भाग खर्च होत होता.

सेनापतींचे डावपेच अभ्यासणं चुकीचं नाही, पण साध्या शिपायाच्या आयुष्यावर त्यांचा अंमल अडीच टक्के दिवस होता. बाकीच्या दिवशी त्याचं नशीब शौचाचा चर कुठे खणला, कोठारात भाजी आली का, पगार वेळेवर झाला का आणि जखमींची गाडी कोणाच्या हुकमात आहे, यावर ठरलं. हे सगळे प्रशासनाचे निर्णय होते. जिथे ते नीट घेतले गेले तिथे माणसं वाचली, जिथे हेळसांड झाली तिथे शत्रूला फारसं काही करावं लागलं नाही. या यादवीची मोजदाद लढायांपासून सुरू केली तर दर तीन मृतांपैकी दोघांचा हिशेब लागत नाही.